खिडकीवर हसायची सक्ती

खिडकीवरच्या बाई रागीट आहेत, असं कुणीतरी इंटरनेटवर लिहिलं. कोणी, ते मला अजून माहीत नाही. बोईसरच्या एका खासगी दवाखान्यात मी कितीतरी वर्षं केसपेपरच्या खिडकीवर बसते. म्हणजे त्या माणसाचा केसपेपर मीच काढला असणार, कुठल्या मजल्यावर जायचं तेही मीच सांगितलं असणार. त्याबद्दल एक अक्षर नाही. डॉक्टर चांगले, औषधं चांगली, फक्त बाई हसत नाहीत. मी काय तिथे हसायला बसले होते?

मी रागीट नाही. आत्ता हे लिहिताना राग येतोय, ती गोष्ट वेगळी. माझा चेहरा नुसता स्वस्थ असला की असा दिसतो. नवरा इथल्या कारखान्यात लागला म्हणून परभणीकडून आले, तेव्हापासून शेजारणींनी, किराणावाल्याने, मुलीच्या शाळेतल्या बाईंनी मला एकच प्रश्न विचारला, "बरं नाही का?" बरं होतं. आधार कार्डाचा फोटो काढणारा तेवढा खूश झाला. म्हणाला, तुम्हाला काही सांगावंच लागलं नाही.

दवाखान्यात माझ्या जातकुळीतले आणखी दोघं होते. एक एक्स-रे काढणारा, अमरावतीकडचा, ताडमाड उंच. तो बोलताना समोरच्याच्या डोक्यावरून भिंतीकडे बघायचा, त्यामुळे पेशंट मागे वळून बघत. दुसरा अँब्युलन्सचा ड्रायव्हर, बीडचा. तो गाडीशी बोलायचा, माणसांशी नाही. दुपारी आम्ही तिघं जिन्याखालच्या बाकावर डबे उघडायचो. बाकीचा स्टाफ त्याला शोकसभा म्हणतो, हे आमच्या कानावर आलं तेव्हा ड्रायव्हर घास गिळून म्हणाला, "मग भाषण कोण करणार?" कुणीच केलं नाही. आम्ही जेवलो. इथे आल्यापासून मला सगळ्यात बरं त्या बाकावर वाटलं आहे, हे सांगायला मला आता लाज वाटत नाही.

तर ते इंटरनेटवरचं वाक्य मोठ्या डॉक्टरांच्या सूनबाईंनी वाचलं. कारभार त्यांच्याकडे नुकताच आला होता. आम्ही त्यांना मॅडम म्हणतो. त्यांनी मुंबईहून एक शिकवणारा बोलावला. त्याने आम्हा सगळ्यांना दातात आडवी पेन्सिल धरायला लावली. वयाची पन्नाशी जवळ आलेली बाई मी, आणि दातात पेन्सिल! एक्स-रेवाल्याने ती चावून मोडली. त्याने मुद्दाम केलं नव्हतं, त्याला कुठलीही गोष्ट हलकी धरता येत नाही. ड्रायव्हरला सांगितलं, गाडीतून उतरलात की नातेवाइकांकडे बघून छान हसा. अँब्युलन्समधून उतरून हसा! ड्रायव्हरने विचारलं, "सायरन चालू ठेवून का बंद करून?" शिकवणाऱ्याने ते वहीत लिहून घेतलं.

मग माझ्या टेबलावर छोटा आरसा आला. मॅडम म्हणाल्या, "महिनाभर बघू. नाही जमलं तर तुम्ही वर चादरींच्या खोलीत बसा. तिथे हसायची गरज नाही." आवाज इतका गोड होता की मी आधी थँक्यू म्हणाले. मॅडमच्या खोलीतून जिना उतरताना कळलं की माझी खिडकी जातेय. पगार तोच राहणार होता. पण या परक्या गावात लोक मला त्या खिडकीमुळे ओळखतात. बाजारात भाजीवाली म्हणते, केसपेपरवाल्या ताई आल्या. चादरींच्या खोलीत मला कोण बघणार होतं?

म्हणून मी शिकले. घरी आरशासमोर उभी राहून हसले. मुलगी म्हणाली, "आई, दाढ दुखतेय का?" तरी सोडलं नाही. हसायचं, मान किंचित तिरकी करायची, हात छातीवर ठेवायचा, आवाज खाली आणायचा. ज्याने हे शोधून काढलं त्याला कधी रांगेत उभं राहावं लागलं नसणार.

मासवणकडची एक बाई तेव्हा रोज यायची. घर शाकारताना नवरा पडला होता, पाय मोडला होता, छातीलाही मार होता. रोज सकाळी ती खिडकीशी येऊन विचारायची, "कसा हाय?" मी वॉर्डात फोन लावायचे, सांगायचे, "ठीक आहे. वर जा." ती वर जायची. आमचं बोलणं एवढंच.

एके दिवशी मी फोन लावला तर वरून सांगितलं, आज घरी सोडणार. चांगली बातमी. आता नाही तर कधी, असं म्हणून मी सगळं एकदम केलं. हसले, मान तिरकी केली, हात छातीवर ठेवला आणि हळू आवाजात म्हणाले, "मावशी, जरा बसता का?"

ती खाली जमिनीवरच बसली आणि तिने हंबरडा फोडला. रांग मोडली, नर्सा धावल्या. मी खिडकीतून हसत हसतच ओरडत होते, "अहो, बरे आहेत ते!" चेहरा तसाच अडकला होता, त्याला मी काय करू? ती म्हणत होती, "खरा सांग बाय, गेला ना तो?"

एक्स-रेवाला बाहेर आला. तिच्या डोक्यावरून भिंतीकडे बघत, मढ्यासारख्या चेहऱ्याने म्हणाला, "जिवंत आहे जी तो. वर चहा पिऊन राहिला."

ती तत्क्षणी गप्प झाली. त्याच्यावर तिचा लगेच विश्वास बसला. मग उठून खिडकीशी आली आणि मला म्हणाली, "तुमी हसलां कशाला? माजा पोरगा मोठ्या हास्पिटलात वारला, तवा एक बाई अशीच हसत आली. अशीच बस म्हनाली."

मॅडम खाली आल्या होत्या. त्यांनी सगळं ऐकलं आणि मला बाजूला घेऊन सांगितलं, "तुमचं टायमिंग चुकलं." टायमिंग! त्या दिवशी मी माझ्या खिडकीवरचा आरसा उचलून त्यांच्या टेबलावर ठेवला आणि म्हणाले, मी असाच चेहरा घेऊन बसणार, बसवायचं तिथे बसवा. आवाज चढला होता. एवढ्या वर्षांत पहिल्यांदा मी खरोखर रागीट दिसत असणार.

खिडकी माझ्याकडेच राहिली. पण त्यात मॅडमचा मोठेपणा नाही. त्यांनी शेजारी दुसरी खिडकी उघडली, तिथे एक हसतमुख मुलगी बसवली आणि रांग कुठे लागते ते बघून ठरवू म्हणाल्या. मुलगी चांगली होती, तिचा काही दोष नाही.

नवऱ्याचं प्लास्टर काढायला मासवणची बाई त्याला घेऊन आली, तेव्हा माझ्यापुढे बरीच रांग होती आणि मुलीची खिडकी नुकतीच मोकळी झाली होती. मुलगी गोड हसून म्हणाली, "मावशी, इकडे या ना." बाईने तिच्याकडे पाहिलं, कुबडीवरच्या नवऱ्याचा दंड धरला आणि त्याला घेऊन माझ्या रांगेच्या शेवटी जाऊन उभी राहिली. मॅडम जिन्यात उभ्या होत्या.

तिचा नंबर आला. तिने कागद आत सरकवला.

"चालंल ना तो आता?"

डॉक्टरांनी मागच्या खेपेला लिहिलं होतं ते मी वाचलं. "चालेल. थोडे दिवस लंगडेल."

तिने माझ्या चेहऱ्याकडे नीट बघितलं आणि नवऱ्याकडे वळली. "ऐकला? चालशील."