आधी पाय दाखव

तिरोडकर सर कुठलीही शीट खालून वर बघत. समुद्रावरून आणलेलं शेवाळ आम्ही कागदावर पसरायचो, फांद्या ब्रशने एकेक सुट्या करायचो, दाबून वाळवायचो आणि मोठ्या कौतुकाने त्यांच्यासमोर ठेवायचो. सर त्या फांद्यांवर सरळ आपला पंजा ठेवत, चष्मा कपाळावर सरकवत, कागदाच्या तळाशी नाक नेत आणि म्हणत, "आधी पाय दाखव."

पाय म्हणजे शेवाळाचा खडकाला धरून ठेवणारा भाग. पहिल्याच दिवशी मी त्याला मूळ म्हणाले आणि फसले. "मूळ काय म्हणतेस गो? ह्येका पाणी वडूक मूळ कित्याक होया? अख्खो दर्यो भोवती आसा! हे नुसतं पाय रोवून उभं राहतं." सर मूळचे मालवणकडचे, राहायला विलेपार्ल्यात. शिकवताना त्यांची मराठी पुस्तकातल्यासारखी असे, पण शेवाळाचं प्रेम उतू गेलं की मालवणी सुरू. अंधेरीच्या आमच्या कॉलेजात वनस्पतिशास्त्राच्या एम.एस्सी.ला आम्ही जेमतेम नऊ जण होतो आणि त्या नऊ जणांवर सर तपकिरी शेवाळाचा अक्षरशः मारा करत. स्टाफरूममधल्या चहाच्या उकळत्या पाण्यात त्यांनी एकदा शेवाळाची फांदी बुडवली. बघता बघता ती हिरवीगार झाली. "बघा, हिरवा रंग होताच आत, तपकिरी रंगाने झाकला होता," सर आनंदाने सांगत होते आणि चहाचं पाणी गेलं म्हणून बाकीचे प्राध्यापक त्यांच्याकडे डोळे वटारून बघत होते.

एके दिवशी ते वर्गात आले आणि खुर्चीत बसून राहिले. मग म्हणाले, "तुमच्या आधीच्या सगळ्या बॅचना मी सांगत आलो की तपकिरी शेवाळ वनस्पतींच्या घराण्यातलं आहे. ते खरं नाही. हिरव्या शेवाळाचं आणि तुमच्या दारातल्या तुळशीचं नातं लागतं. ह्याचं गोत्रच निराळं. मी इतकी वर्षं चुकीचं शिकवलं." आपण चुकलो, असं भर वर्गात सांगणारा शिक्षक मी तोवर पाहिला नव्हता. तास संपल्यावर त्यांनी शीट ठेवायच्या कपाटावरच्या 'वनस्पती संग्रह' या पाटीखाली एक चिठ्ठी डकवली, 'तपकिरी शेवाळे वनस्पती नव्हेत', आणि खाली सही, तारीख. पाटी मात्र काढली नाही. शीटच्या संग्रहाची ती रीतच आहे. जुनं लेबल चुकीचं ठरलं तरी ते काढायचं नाही, खोडायचंही नाही. शेजारी नवी चिठ्ठी लावायची आणि तिच्यावर आपलं नाव घालायचं.

त्या वर्षी सर निवृत्त होणार होते. गोराईच्या खडकांवर वाढणाऱ्या तपकिरी शेवाळांची यादी ते कित्येक वर्षं करत होते आणि ती त्यांना जाण्याआधी पुरी करायची होती. आम्ही आणलेल्या शीटही त्या यादीत जाणार होत्या. अट एकच, शेवाळ खडकावरून काढलेलं हवं, लाटेबरोबर किनाऱ्याला लागलेलं नको. "वाहून आलेल्याचं घर कुठे, कोणाला ठाऊक? मालवणहून आलं असेल, माझ्यासारखं!"

माझ्या वाट्याला सारगॅसम आलं होतं. फांद्याफांद्यांवर हवेचे बारीक फुगे असलेलं, देखणं शेवाळ. पौर्णिमेच्या दुसऱ्या दिवशीची सकाळची ओहोटी साधायची होती. मी दहिसरहून उशिरा निघाले, बोरिवलीच्या बाजूची बोट चुकली आणि गोराईला पोचले तोवर खडक पाण्याखाली जायला लागले होते. वाळूवर मात्र एक ताजंतवानं सारगॅसम पडलं होतं. मी ते उचललं. प्रयोगशाळेत आल्यावर लेबलवर लिहिलं, 'खडकावर चिकटलेले'. प्रश्न पायाचा होता, कारण त्याला पायच नव्हता. माझी मैत्रीण मेघना म्हणाली, "अगं, त्यात काय एवढं! ट्रेमध्ये दुसऱ्या शेवाळाचा तुटका पाय पडलाय ना, तो लाव. दोन्ही तपकिरीच! सरांना काय कळणार यार?" मी लावला. शीट अशी झकास दिसत होती की मला स्वतःलाच ती खरी वाटायला लागली.

सरांनी फांद्यांवर पंजा ठेवला. तळाशी नाक नेलं.

"हा पाय ह्याचाच?"

"हो सर."

"बरं," म्हणाले आणि शीट बाजूला ठेवली.

पुढचे चार दिवस सर माझ्याशी नेहमीसारखेच वागत होते आणि मला ते सहन होत नव्हतं. त्यांच्या आयुष्यभराच्या यादीत माझी एक ओळ खोटी जाणार होती. पाचव्या दिवशी मी पार्ल्याला त्यांच्या घरी गेले आणि दारातच सगळं सांगून टाकलं. रडलेही. सरांनी आत बोलावून पाणी दिलं.

"सारगॅसमचा पाय चकतीसारखा टणक असतो. तू लावलायस तो लोकरीसारखा. पाडिनाचा आहे तो. मला तेव्हाच कळलं."

"मग तेव्हाच का नाही ओरडलात?"

"मी बोललो असतो तर दुरुस्ती माझी झाली असती. ती तुझी व्हायला हवी होती. यादी थांबवून ठेवली होती मी."

मी म्हणाले, ती शीट फाडून टाकते. सर एकदम चिडले. "फाडायची नाही! चिठ्ठी लाव." आणि मी दुसऱ्या दिवशी माझ्याच अक्षरात लिहिलं, 'वाहून आलेले. पाय पाडिनाचा. दुरुस्ती संग्राहकाची स्वतःची.' शेवटचं वाक्य सरांनी सांगितलं होतं. यादी सारगॅसमच्या त्या नोंदीशिवाय छापायला गेली.

पुढे मी त्याच कॉलेजात शिकवायला लागले आणि ते कपाट माझ्याकडे आलं. मागच्या वर्षी सरांच्याच हातची पाडिनाची एक जुनी शीट तपासताना मला शंका आली. पाडिना म्हणजे पंख्यासारखं शेवाळ, त्याची जात ठरवायला पेशींचे थर मोजतात. सरांनी दोन लिहिले होते. मी मोजले, तर चार. आठवडाभर ती शीट माझ्या टेबलावर पडून होती. सरांची नजर तोवर जवळजवळ गेली होती आणि आता त्यांना हे कशाला सांगायचं, असं मनात येत होतं. शेवटी शीट घेऊन पार्ल्याला गेलेच.

"काप कुठून घेतलास?" त्यांनी विचारलं.

"पायाजवळून."

"आणि मी?"

"कडेजवळून, सर. कडेला दोनच थर असतात."

सर इतके हसले की ठसका लागला. "आयुष्यभर पोरांका पाय इचारलंय, आणि मी स्वतः शेंड्याक गेलंय! चिठ्ठी आणलीस?"

"आणलीय, पण..."

"पण काय गो? लाव. माझ्यासमोर लाव."

मी लावली. त्यांनी बोटाने चिठ्ठीची कड चाचपली, आपलं लेबल झाकलं गेलं नाही याची खात्री केली आणि विचारलं, "नाव पूर्ण घातलंस ना?" दोन महिन्यांनी सर गेले.

मला जे काही थोडंफार येतं ते त्यांचं आहे. मी खोटं बोलले होते तेव्हा ते चार दिवस माझी वाट बघत थांबले, याचे उपकार मला कधी नीट सांगताही आले नाहीत. म्हणून दर वर्षी नवी बॅच शीट घेऊन येते तेव्हा मी आधी माझी सारगॅसमची शीट टेबलावर ठेवते आणि आता तिच्या शेजारी सरांची पाडिना. फांद्यांवर पंजा ठेवून म्हणते, खालून वाचा. मुलं पाय बघतात, लेबल वाचतात, चिठ्ठी वाचतात, चिठ्ठीखालचं माझं नाव वाचतात आणि माझ्याकडे बघतात. या वर्षी कोणीतरी पुढे केलेली आपली शीट हळूच मागे घेतली आणि म्हणालं, "मॅडम, ही उद्या दिली तर चालेल?"

मी म्हणाले, चालेल.