तात्यांचं अनुमोदन

माघातला दुसरा रविवार, सकाळची सभा. जागा: जुन्या ग्रामपंचायतीची खोली, जिथं आता वाचनालय आहे. हजर: माजी सरपंच, शाळेचे मुख्याध्यापक, माझे यजमान, माझे चुलत सासरे तात्या आणि टिपण घ्यायला मी. गैरहजर कोणी नाही. विषय एकच: आमच्या बंद झालेल्या ग्रामपंचायतीच्या इतिहासाची पुस्तिका छापायला पाठवणे.

हजेरीत तात्यांचं नाव मागे पडलं, पण त्याचं त्यांना काही वाटणार नाही. बारामतीपासून इंदापूरपर्यंत शोधलं तरी आयुष्यात कधी स्वतःहून पहिलं वाक्य न बोललेला असा दुसरा माणूस सापडायचा नाही. माझे सासरे अण्णा आणि तात्या हे चुलतभाऊ. दोघंही पंचायतीचे सदस्य. अण्णांनी ठराव मांडायचा आणि त्यांच्या डाव्या हाताला बसलेल्या तात्यांनी ‘माझं अनुमोदन’ म्हणायचं, अशी वर्षानुवर्षांची वहिवाट. गावातला पहिला सार्वजनिक नळ, चावडीपुढचा दिवा, शाळेची चौथी खोली, स्मशानभूमीचं पत्र्याचं छत, या सगळ्यांचे सूचक अण्णा आणि अनुमोदक तात्या. मुख्याध्यापक पुस्तिकेसाठी माहिती गोळा करायला त्यांच्याकडे गेले तेव्हा तात्यांनी सगळा इतिहास एका दमात सांगितला. “अण्णानं मांडलं, मी दिलं.” साल विचारलं तर म्हणाले, “साल अण्णाला ठावं.” अण्णांना जाऊन तेव्हा बराच काळ लोटला होता.

ही सवय पंचायतीपुरती राहिली असती तर प्रश्न नव्हता. पण ती अंगात मुरली. इंदापूरच्या एसटीत कंडक्टर “मागं सरका” म्हणाला की कोणी हलत नाही; तात्या “माझं अनुमोदन” म्हणतात आणि खरोखर मागं सरकतात. मार्केटात त्यांच्या डाळिंबांचा लिलाव लागला होता, तेव्हा व्यापाऱ्यानं पहिला भाव पुकारला आणि दुसरा कोणी तोंड उघडायच्या आत तात्यांनी अनुमोदन दिलं. माल त्याच भावात गेला. लेकीचं लग्न ठरवायला लासुर्ण्याची मंडळी आली होती. मुलाचा मामा म्हणाला, लग्न आमच्या दारात होऊ दे. तात्यांनी चहाचा कप खाली ठेवून अनुमोदन दिलं. काकू आतून पदर सावरत बाहेर आल्या आणि म्हणाल्या, “ह्यांस्नी काय इचारताय, हे कुणालाबी व्हय म्हणत्यात. लगीन हितंच हुईल.” तात्यांनी त्यालाही अनुमोदन दिलं. डॉक्टरांनी मीठ कमी करायला सांगितलं तेव्हा तेच झालं. घरी आल्यावर पापडाचा डबा मागायला लागले, तर काकू मला म्हणाल्या, “अनुमोदन त्यांचं, अंमलबजावणी माझ्याकडं.”

सभेचा मात्र त्यांना फार आदर. सभेच्या दिवशी टोपी धुतलेली, नखं कापलेली, तोंडात तंबाखू नाही. पंचायतीत बसताना चपला दाराबाहेर काढायचा त्यांचा नियम होता. बाकीचे सदस्य चपला घालूनच बसायचे. मी नवी सून म्हणून या घरात आले, तेव्हा एकदा त्यांना विचारलं होतं, “तात्या, तुम्ही कधी स्वतः ठराव का नाही मांडत?” त्यांनी बराच विचार केला. म्हणाले, “सूनबाई, मांडणारा मोठा असतो. पर एकट्याचं काय चालत न्हाय. दुसरं कुणीतरी लागतंच की. ते दुसरं मी.”

आता ज्यासाठी हे लिहायला घेतलं ते सांगते. आमचं गाव शहराच्या हद्दीत घ्यायचं ठरलं, तेव्हा पंचायतीची संमती मागवली होती. त्या सभेचं वर्णन तिथं हजर असलेल्या प्रत्येकाकडून मी ऐकलं आहे आणि ते सगळ्यांचं जुळतं. सरपंचांना शहराची पाइपलाइन हवी होती. त्यांनी ठराव मांडला. अण्णांचा विरोध होता. गावाचं पाणी, गावचे रस्ते, गावातल्या गावात ठरावं असं त्यांचं म्हणणं, आणि विषय पुढच्या सभेवर ढकलावा अशी सूचना ते मांडणार होते. बाकीच्यांच्या मनात हो होतं, पण गावाच्या शिव्या कोण खाणार म्हणून पुढे कोणी येईना. ग्रामसेवकानं विचारलं, “अनुमोदक कोण?” तात्या त्या दुपारी एका जावळाचं जेवण जेवून आले होते आणि भिंतीला टेकून त्यांचा डोळा लागला होता. एवढा एकच शब्द त्यांच्या कानात शिरला. ते म्हणाले, “माझं अनुमोदन.”

एक नाव मिळालं म्हटल्यावर बाकीचे हात वर जायला वेळ लागला नाही.

परत येताना वाटेत अण्णांनी विचारलं, “झोपला हुतास का?” तात्या म्हणाले, “व्हय.” अण्णा म्हणाले, “मग ते धरायचं न्हाय. उद्या ग्रामसेवकाला सांगू, झोपंत बोलला म्हणून.” तात्या थांबले. “न्हाय अण्णा. दिलं ते दिलं. उद्या मी म्हणीन, नळाला दिलं तेबी झोपंत हुतं.” अण्णा पुढे चालू लागले. पंचायत गेली. पाइपलाइन आली, तिच्यासोबत करही आला, आणि चावडीपुढचा दिवा गेला तर शहरात अर्ज द्यावा लागू लागला. अण्णा शेवटपर्यंत रोज संध्याकाळी तात्यांकडे चहाला जात राहिले. तो विषय त्यांनी पुन्हा काढला नाही. मागच्या दिवाळीत तात्या माझ्याशी बोलताना अचानक म्हणाले, “एकदा तरी बोलायचा मला. शिव्या घातल्या असत्या तर निस्तरलं असतं. बोललाच न्हाय.”

तर रविवारची सभा. मुख्याध्यापकांनी मजकूर वाचून दाखवला. शेवटच्या पानावर त्यांनी लिहिलं होतं की सर्वानुमते ठराव होऊन ग्रामपंचायत विसर्जित झाली. माजी सरपंच म्हणाले, “झकास. पाठवा छापायला.” मी टिपणातल्या त्या एकमेव विषयावर ‘मंजूर’ अशी खूण करणार तेवढ्यात तात्या उठून उभे राहिले. इतक्या वर्षांत त्यांना सभेत उभं राहिलेलं मी प्रथमच पाहत होते.

“मी सूचना मांडतो,” ते म्हणाले.

माजी सरपंच हसले. “तात्या, तुमी? पाऊस पडंल आज.”

“पडू दे. सर्वानुमते न्हवतं. अण्णाचा इरोध हुता, त्यो लिवा. आन ठरावाला अनुमोदन माझं हुतं, त्येबी लिवा. झोपंत दिलं असं लिवू नका. नुसतं नाव लिवा.”

मुख्याध्यापक म्हणाले, “तात्या, वरून आदेश निघालाच असता. तुमच्या एकट्यानं काय झालं असतं?”

“कायबी नसतं झालं. पर नाव माझं हाय.”

माझे यजमान समजुतीनं म्हणाले, “तात्या, कशाला आता. पोरं वाचतील, तुमच्यावरच बोट दाखवतील. अण्णांनीसुद्धा तुम्हाला कधी काही म्हटलं नाही.”

“त्यो न्हाय म्हणला म्हणून तर मी म्हणतोय. तू अनुमोदन दे, न्हायतर गप बस. भाषाण नगं.”

टिपण माझ्याकडे होतं, म्हणून विचारणं माझं काम; अनुमोदन द्यायचा हक्क मला नव्हता. मी विचारलं, “अनुमोदक?”

माजी सरपंच पंख्याकडे पाहू लागले. मुख्याध्यापकांनी चष्मा पुसायला काढला. यजमान टेबलावरच्या कागदांचे कोपरे जुळवत राहिले. यातल्या कोणाच्याही मनात तात्यांबद्दल वाईट नव्हतं. उलट त्यांना सांभाळून घ्यावं, म्हणूनच सगळे गप्प होते. तात्या उभेच. त्यांनी एकेकाच्या तोंडाकडे पाहिलं आणि मग सावकाश म्हणाले, “अनुमोदक न्हाय, म्हणजे सूचना बारगळली. एवढं कळतं मला. फुडच्या सभंत परत मांडीन.” बाहेर जाऊन त्यांनी चपला घातल्या.

संध्याकाळी मी त्यांच्या घरी गेले. तात्या ओट्यावर पाठ करून बसले होते, त्यांनी वळून पाहिलं नाही. काकू लसूण सोलत होत्या. त्यांनी हळूच विचारलं, “दिलं का कुणी?”

“नाही दिलं.”

काकूंचा हात थांबला. “सगळ्या गावाला दिलं ह्यांनी. ज्यानं मागितलं त्याला, न्हाय मागितलं त्यालाबी. आन ह्यांनी जलमात एकदा मागितलं, तर हात उठला न्हाय एकाचा? अण्णांचा लेक बसला हुता की तितं.”

मी लसणाची एक गड्डी घेऊन सोलायला बसले.

पुस्तिकेची बाकीची पानं छापखान्यात गेली आहेत. फोटो दिले, मुखपृष्ठ ठरलं, कागद पसंत केला. शेवटचं पान मी अडवून ठेवलं आहे. पुढची सभा येत्या रविवारी आहे. त्याआधी अनुमोदनाबद्दल यजमानांशी बोलायचं आहे, आणि ते अजून राहिलं आहे.