करवंदांचा पाय आणि आगळाची बाटली

मला किळस पटकन येते. माहेरी मला नाकमुरडी म्हणायचे. सासरी तोंडावर कोणी म्हणालं नाही, पाठीमागे म्हणत असतील तर म्हणोत बापडे. दुसऱ्याच्या पेल्यातलं पाणी मी पीत नाही, लग्नाच्या पंगतीत शेजारच्या पानाकडे बघत नाही. आता कोणी म्हणेल, रत्नागिरीत राहून हे कसलं सोवळं? तर मासळीचं मला काही वाटत नाही. बांगड्यांची पोटं मी गप्पा मारता मारता साफ करते. पण आमटी ढवळता ढवळता कोणी डाव चाटला, की माझ्याच पोटात ढवळायला लागतं.

सून घरात आली त्याच आठवड्यात तिने हे केलं. आमटी डावात घेतली, फुंकर मारली, सुर्र करून प्यायली आणि तोच डाव परत पातेल्यात! शी! मी ते पातेलं उचललं आणि आख्खी आमटी परसात नेऊन माडाच्या आळ्यात ओतली. तिच्या देखत. म्हटलं, "आमच्याकडे देवाला नैवेद्य जातो. करणारीने चव घ्यायची नाही, उष्टं होतं. मीठ वासावर कळतं." ती कोल्हापूरकडची, तिच्या आईकडे असलं काही नव्हतं. तिचे डोळे भरले, पण ऐकलंन. त्यानंतर पाच वर्षांत माझ्या स्वयंपाकघरात तिने एक थेंब जिभेला लावला नाही. मला त्याचा अभिमानच वाटायचा. काय वळण लावलंय, असं शेजारणीला सांगायचेसुद्धा.

मिरजोळ्याच्या एका कारखान्यात ती हिशेबनीस होती. गेल्या वर्षी तिथली माणसं कमी केली, त्यात हिची नोकरी गेली. शेवटच्या पगारातून तिने ओव्हन आणला आणि ओट्याच्या कोपऱ्यात बसवला. माझ्या पिठाच्या डब्यांची जागा गेली. दाराला काळी काच. रोज ती काच अशी पुसायची की तोंड बघावं. केक केलेन, बिस्किटं केलीन, चार ओळखीच्यांनी कौतुक करून खाल्लं. पण कौतुकाने काय होतं? एप्रिलअखेर कोल्हापूरच्या, लग्नाआधीच्या ऑफिसातून तिला बोलावणं आलं. माझ्या मुलाची नोकरी इथली, म्हणजे नवरा इथे आणि बायको तिथे.

तेवढ्यात हातखंब्याच्या एका हॉटेलवाल्याने तिला सांगितलं, "मुंबईहून गोव्याला जाणारी माणसं थांबतात माझ्याकडे. केक सगळीकडे मिळतात. इथल्या फळाचं काहीतरी गोड करून आणा. आवडलं तर आख्खा सीझन तुमच्याकडून घेतो."

रात्री जेवताना ती म्हणाली, "आई, हे जमलं तर मी इथेच राहणार. नाही जमलं तर कोल्हापूर." मी म्हटलं, "करून तर बघ." खरं सांगते, ती जावी असं मला कधीच वाटलं नाही.

तर तिने करवंदांचा पाय करायचं काढलं. पाय! इंग्रजीत म्हणे खायच्या वस्तूचं नाव हे! मैद्याची पारी, आत फळं, वर मैद्याच्या पट्ट्यांची जाळी आणि सगळं ओव्हनमध्ये भाजायचं. मी म्हटलं, "नावातच किळस आहे गो." ती हसली.

सकाळी सातला सड्यावर, कातळाच्या माळावर गेली आणि डबाभर करवंदं तोडून आणलीन. हातांवर काट्यांचे लालभडक ओरखडे. मला करवंदं लहानपणापासून आवडत नाहीत. बोटांना चीक चिकटतो, मग धूळ त्या चिकाला, मग बोटं एकमेकांना. आणि पिकलेल्या काळ्या करवंदात काय असेल सांगता येत नाही. आम्ही लहानपणी न बघता तोंडात टाकायचो. एकदा मी अर्धं खाल्लं आणि उरलेल्या अर्ध्यात अळीचाही अर्धा भाग वळवळत होता. दुसरा अर्धा कुठे गेला ते मला माहीत होतं. त्या दिवसापासून करवंद माझ्या तोंडाला लागलेलं नाही.

तिने ती परातीत मिठाच्या पाण्यात घातली. दहा मिनिटांनी बघते तर काय, पाण्यावर बारीक पांढऱ्या अळ्या! एक, दोन, पाच. परातीच्या काठावरून एक निघाली ती ओट्यावर, माझ्या ओट्यावर, विळीच्या दिशेने. "शीऽऽ! फेकून दे सगळं!" मी ओरडले. ती म्हणाली, "आई, बाहेर आल्या म्हणजे चांगलंच ना. एकेक चिरून बघते." आणि खरंच बसली. दोन तास. एकेक करवंद चिरायचं, बिया काढायच्या, उजेडाकडे धरून बघायचं, शंका आली की टाकायचं. बोटं जांभळी, नखं जांभळी, नाकाला खाज आली तर तिथेही जांभळं. जमिनीवर बियांचा आणि सालांचा लगदा. त्यावर माशा. मी दारात उभी राहून शी शी करत होते.

मग पारी. मे महिना, पंखा लावला तर मैदा उडतो, बंद केला तर माणूस शिजतं. त्यात वीज गेली. फ्रीजमधलं लोणी तिने बाहेर काढलं आणि ते बघता बघता पाघळलं. ते सगळं मैद्यात कालवून तिने माझ्या पोळपाटावर थापलं. माझ्या पोळपाटावर, ज्यावर मी आजवर पोळीशिवाय काही लाटलेलं नाही! तुपकट, चिकट, पिवळट गोळा, आणि त्यात तिच्या कपाळावरचा घाम पडायच्या बेतात. "पूस गो तो घाम! शी, कोण खाणार हे?"

तेव्हा ती थांबली. मागे न बघता म्हणाली, "आई, तुम्ही जरा बाहेर बसता का? तुमचं शी शी ऐकून मला काही सुचत नाहीये."

आवाज चढवला नव्हता तिने. पण माझ्या अंगाची लाही झाली. चाळीस वर्षं ज्या स्वयंपाकघरात मी उभी आहे, तिथून मला बाहेर बस म्हणते? मी पडवीत जाऊन बसले. वीज आली, पंखा सुरू झाला, माझं डोकं काही थंड होईना. बाहेरच बसवलंन ना, मग आहेच मी बाहेरची. असं मनात घोळवत अर्धा तास काढला आणि पाण्याच्या निमित्ताने आत गेले.

ती पाठमोरी उभी होती, ओव्हनकडे तोंड करून. समोर पातेल्यात करवंदं आणि साखर रटरटत होती. "लिंबू संपलंय," ती स्वतःशीच पुटपुटली. "कोकम घालते, रंगही येईल." आणि फळीवरची बाटली काढलीन.

आमच्या फळीवर रातांब्याच्या, म्हणजे कोकमाच्या फळाच्या, दोन बाटल्या असतात. एकीत साखरेचं कोकम, सरबताचं. दुसरीत आगळ. आगळ म्हणजे रातांब्याचा रस भरपूर मीठ घालून मुरवलेला, वर्षभर टिकणारा; सोलकढीला चमचाभर पुरतो. माझ्या आगळाला आळीत मागणी आहे. दोन्ही बाटल्या सारख्या, रंग सारखा, चिठ्ठी कशावरच नाही. चिठ्ठी कशाला लावायची? डावीकडची आगळाची हे घरात सगळ्यांना ठाऊक. सगळ्यांना म्हणजे मला. सोलकढी नेहमी मीच करते.

तिने डावीकडची बाटली काढली होती.

मी दारात होते. पाच पावलांवर. "अगो, ती नव्हे," एवढंच म्हणायचं होतं. ते ओठांवर आलंही होतं. पण आतून एक खवचट बाई म्हणाली, तुला बाहेर बसायला सांगितलंय ना? मग बस की. तिने बूच काढलं, क्षणभर थांबली आणि वाटीभर आगळ ओतलं. चव बघितली नाहीन. ती कधीच बघत नाही, मीच मोडलेली सवय. मला हेही त्याच क्षणी आठवलं. तरी मी पाणी न पिता तशीच मागे फिरले.

पाय भाजून बाहेर आला तेव्हा, खोटं कशाला बोलू, सुरेख दिसत होता. वरची जाळी खमंग बदामी, आतून जांभळा रस उकळून फटींतून वर आलेला. वासही गोड. ती टाळ्या वाजवून हसली, लहान पोरीसारखी. "आई, स्कूटरवर हा धरायला कोणीतरी हवं. येता? मघाशी बोलले ते मनात ठेवू नका हो."

गेले. मांडीवर पंच्याची घडी, पंच्यावर तो पाय गरम साच्यासकट, आणि हातखंब्यापर्यंतचा रस्ता. साडीतून चटका बसत होता. दर वळणावर म्हणत होते, आता सांगते, पुढच्या वळणावर सांगते. सांगितलं असतं तर तिने स्कूटर वळवली असती, दुसरा केला असता, उद्या नेला असता. काही बिघडलं नसतं. पण काय सांगायचं? मी बघितलं आणि गप्प बसले, हे? ते शब्द जिभेवर आले की मला स्वतःचीच अशी घाण वाटायची की मी गिळून टाकायचे. वाटेत ती मागे मान वळवून दोनदा म्हणाली, "चटका बसत नाही ना?"

हॉटेलवाल्याने सुरी मागवली. कडा कुरकुरली तशी तो खूश होऊन म्हणाला, "वा, ताई!" बायकोला गल्ल्यावरून बोलावलंन. दोघांनी मोठा घास घेतला.

त्याने कसाबसा गिळला. त्याची बायको मात्र कागदी रुमालात थुंकली. जांभळा लगदा रुमालातून झिरपला. "शी!" ती म्हणाली. "काय घातलंय हो यात?"

माझाच शब्द. सकाळपासून पन्नास वेळा मी म्हटलेला. आता दुसऱ्याच्या तोंडून ऐकला. सून त्या रुमालाकडे बघत होती. हॉटेलवाला भला माणूस, हळू म्हणाला, "ताई, हे गिऱ्हाइकाला नाही देता येणार. सीझन सुरू झालाय, मला आता थांबता येत नाही. मी दुसऱ्या कुणाला सांगतो." तेव्हाही मी बोलू शकले असते. मी पंच्याची घडी नीट केली.

परतताना तिने एका झाडाखाली स्कूटर थांबवली आणि कोल्हापूरला फोन केलान. "हो, येते. एक तारखेपासून," म्हणाली. रडली नाही.

घरी आल्यावर तिने ओट्याशी उभं राहून एक तुकडा कापला, दाताने तोडला आणि तशीच थांबली. कसाबसा गिळला. मग उरलेला तुकडा ओट्यावर ठेवलान, बाटली काढलीन, तळहातावर थेंब घेतला आणि चाटला.

"खारट आहे."

"आगळ आहे ते," मी म्हटलं. "सरबताची पलीकडली."

तिने मान हलवली. बाटलीचं बूच लावलंन. आणि माझ्याकडे न बघता, अगदी साध्या आवाजात म्हणाली, "मला शंका आली होती आई, कुठली ते. पण तुम्ही मागे उभ्या होतात ना. या काचेत दिसत होतात. म्हटलं, चुकत असतं तर आई ओरडल्याच असत्या. म्हणून बिनधास्त ओतलं."

ती हात धुवायला मागे गेली. मोरीत पाणी पडत राहिलं बराच वेळ. जांभळा रंग लवकर जात नाही.

ओव्हनच्या काचेत मी उभी होते, पदरापासून चष्म्यापर्यंत स्वच्छ दिसत होते. ओट्यावर तिच्या दातांची खूण असलेला तो तुकडा होता. तिचा उष्टा. मी तो उचलला आणि तोंडात घातला. खारट, इतका खारट की डोळ्यांत पाणी आलं. पण सगळा खाल्ला. खाताना सवयीने जिभेने शोधत होते. अळी नव्हती. बीसुद्धा नव्हती एक. सगळं तिने नीट निवडलं होतं.

मोरीतला नळ बंद झाला तेव्हा मी तोंड पुसलं नाही. ती दारात आली आणि मी तिला सांगितलं, "मी बघितलं होतं गो."