झेंडावंदनाची फिल्म

अंबरनाथ पश्चिमेला आमच्या सोसायटीत प्रजासत्ताक दिनाला आई झेंड्याभोवती रांगोळी काढायची. एका वर्षी फोटोच्या वेळी चेअरमन तिला म्हणाले, "ताई, बाजूला व्हा. आपल्या लोकांचा फोटो आहे." आम्ही बौद्ध, म्हणून, हे सगळ्यांना कळलं, तरी सगळे फोटोसाठी उभे राहिले. माझा कॅमेरा चालू होता.

पुढच्या वर्षी त्यांनीच मला देशावर फिल्म करायला सांगितलं. मी तेच दृश्य त्यांच्या आवाजासकट सगळ्यांसमोर मोठ्या पडद्यावर दाखवलं. त्यांच्या सुनेने वळून सासऱ्यांकडे पाहिलं.

"एवढं काढून टाक," ते नंतर म्हणाले.

"नाही काढणार, काका."

आई म्हणाली, "आता पुरे." माझं समाधान झालं नव्हतं. महिन्याभराने तीच फिल्म मी चेअरमनांच्या मूळ गावी, बदलापूर गावात, त्यांच्या भावकीसमोर लावली.