शेवटचं कडवं

मी शिकवायचो ती शाळा सुटली की पोलादपूरच्या एसटी थांब्यासमोरच्या हॉटेलात चहाला बसायचो. तिथं बाल्या नाचाच्या एका गाजलेल्या गाण्याची तबकडी लागली की कोपऱ्यातला म्हातारा बशी खाली ठेवायचा. बोटं बाकावर ठेका धरायची. ओठ गाणाऱ्याच्या जरा पुढेच चालायचे. शेवटचं कडवं जवळ आलं की मात्र तो उठून रस्त्यावर जाऊन उभा राहायचा.

"गाणं त्याचंच हाय," हॉटेलवाला एकदा हसत म्हणाला. कापडगिरणीत असताना म्हाताऱ्यानं ते रचलं, गावोगाव गाऊन गाजवलं. पुढे छातीत कापूस बसला, आवाज गेला. मग साथीदारानं तबकडी काढली आणि शेवटच्या कडव्यात कवीचं नाव गुंफायचं असतं, तिथं स्वतःचं गुंफलं. मला काही हसू आलं नाही.

त्या वर्षी गौरीला मी उमरठजवळच्या म्हाताऱ्याच्या वाडीत पाहुणा होतो. अंगणात नाच रंगला होता. नाचणाऱ्यांच्या रिंगणाच्या मधोमध, मृदंगवाल्याशेजारी, म्हातारा टाळ घेऊन बसलेला. गाणं तेच, आणि शेवटी नावही तबकडीवरचंच. आज तो उठला नाही. टाळ वाजवत राहिला.

नाच थांबल्यावर मी चिडूनच म्हणालो, "बाबा, निदान आपल्या अंगणात तरी तुमचं नाव घ्यायला सांगा!"

"नाय हो गुरुजी," तो घोगऱ्या आवाजात म्हणाला. "सगळे तबकडी ऐकूनच शिकलेत. आता माझं नाव घातलं, तर गड्यांचा पाय चुकंल."