फ्रेश, सेकंड, चिंधी

बेबीकाकी टीव्हीसमोर बसली की परीक्षकांच्या आधी निकाल द्यायची. परदेशातल्या कुठल्याशा मैदानात एखादा मुलगा सायकलसकट उतारावरून वर उडायचा, हवेत उलटा व्हायचा आणि परत चाकांवर यायचा. पडद्यावर त्याचे गुण यायला वेळ असायचा. तेवढ्यात काकी पाय पसरून, पदराने तोंड पुसून म्हणायची, "सेकंड." क्वचित कधी "फ्रेश." आणि कुणी धडपडत, घसरत, कसाबसा उभा राहिला की दोन बोटं हवेत झटकून, "चिंधी." मग गुण यायचे, आणि काकी बहुतेक वेळा बरोबर निघायची.

हे शब्द आमच्या धंद्यातले. नारपोलीच्या एका कारखान्यात आम्ही दोघी कापड तपासायला होतो. लूमवरून, म्हणजे यंत्रमागावरून उतरलेला प्रत्येक तागा आमच्या टेबलावर यायचा. टेबल तिरकं, वर काच, काचेखाली ट्यूबलाइट. कापड हाताने ओढत पुढे न्यायचं आणि उजेडात दोष शोधायचे. कुठे तार तुटलेली, कुठे तेलाचा डाग. बिनदोष ते फ्रेश, थोडा दोष असेल ते सेकंड, आणि बाकी चिंधी. काकीने तीस वर्षं हेच केलं होतं, त्यामुळे जगातली कुठलीही वस्तू ती या तीन ढिगांत टाकायची. टपरीवरचा चहा सेकंड. नवा रस्ता चिंधी. माझ्या नवऱ्याला पहिल्यांदा बघून ती काय म्हणाली ते मी इथे लिहिणार नाही, कारण तो हे वाचेल.

हे टीव्हीचं खूळ तिला लूममुळेच लागलं. इतकी वर्षं त्या खडखडाटात काढून तिला ऐकायला कमी येऊ लागलं होतं. मालिका लावली तर सगळी माणसं दिवाणखान्यात उभी राहून नुसती बोलत बसायची आणि काकीला ओ की ठो कळायचं नाही. एकदा चॅनेल बदलता बदलता तिला या उड्या दिसल्या. सायकली, मोटारसायकली, चाकांच्या फळ्या, बर्फावरून घसरणारी माणसं. दुसऱ्या दिवशी टेबलाशी येऊन मला म्हणाली, "कल्पना, तिथं कोन काय बोलतच न्हाय ग. पडतात आन उठतात. मला सगळं कळलं."

त्यानंतर शेलार गावातल्या तिच्या घरी दुसरं काही लागेनासं झालं. सुनेने आधी नाक मुरडलं, मग तीही बघू लागली. एकदा केबलवाल्याने तो चॅनेल काढून टाकला. काकी त्याच्या ऑफिसात गेली, तर तो म्हणाला, "काकी, ते कॉलेजची पोरं बघतात. तुम्हाला भजनाचं चॅनेल देतो." त्या दिवसापासून काकी रोज ड्युटी सुटली की त्याच्या ऑफिसात जाऊन त्याच्याच खुर्चीत बसायला लागली. भांडण नाही, आरडाओरडा नाही, नुसती बसायची. तिसऱ्या दिवशी त्याने चॅनेल सुरू केला, वर चहाही पाजला. मी विचारलं तर म्हणाली, "चहा चिंधी होता."

तिची बघायची रीत वेगळी होती. मुलगा हवेत गेला की आपण आ वासून वर बघतो. काकी तेव्हा जमिनीकडे बघायची, जिथे तो उतरणार तिथे. मला तर दर वेळी कोपराने ढोसायची. "वर काय करतो ते कोन पन बघल. खाली कसा येतो ते बग." हे वाक्य तिने मला इतक्या वेळा ऐकवलं की मला ते झोपेतही पाठ होतं. माझ्या नणंदेचं लग्न झालं, हॉल काय, बॅन्ड काय, फटाके काय. काकी जेवून हात धुताना माझ्या कानाशी लागली. "वर तर लय छान उडाली. आता खाली कशी येते ते बगू." मला हसूही आलं आणि रागही. तोंडाला कुलूप म्हणून नव्हतंच बाईच्या.

तिची एक लाडकी होती. सायकलवर उड्या मारणारी एक बारकीशी मुलगी, लाल हेल्मेट घालायची. देश कुठला, नाव काय, याच्याशी काकीला देणंघेणं नव्हतं. तिने तिचं नाव लालटोपी ठेवलं होतं. लालटोपी जिंकायची कमी, पडायची जास्त. पण या खेळात प्रत्येकाला एक मिनिट मिळतं, आणि पडलं तरी घड्याळ चालू राहतं. बाकीचे पडले की बरेचदा हात हलवून बाजूला व्हायचे. लालटोपी उठायची, सायकल सरळ करायची आणि उरलेल्या उड्या मारून मगच थांबायची. काकी त्यावर जीव टाकायची. "आता मार्क भेटनार न्हाईत, तिला पन ठावं हाय. तरी पुरा करते. बग तिला."

मग एके वर्षी तो खेळ टीव्हीवरून गेला आणि मोबाइलवरच्या ॲपवर दिसू लागला. काकीचा मोबाइल बटणांचा. माझा मोठ्या पडद्याचा. इथून पुढे जे झालं त्यात माझा वाटा आहे, आणि तो मी कमी करून सांगणार नाही.

त्या दिवशी मोठी स्पर्धा होती, लालटोपी अंतिम फेरीत होती आणि तिकडची दुपार म्हणजे आमची भर ड्युटीची वेळ. मी म्हटलं, "काकी, लावते की मी. टेबलाच्या कडेला ठेवू, कोण बघतंय?" काकी नको म्हणाली. मीच आग्रह केला. दोऱ्याच्या रिळाला टेकवून मोबाइल ठेवला, आवाज बंद केला. काकी मान खाली घालून कापड ओढत होती आणि अधूनमधून एक नजर टाकत होती. कामाच्या पहिल्या दिवशी तिनेच मला शिकवलेलं होतं, "कापडावरनं डोळा उठला का हात थांबला पायजे." आणि तोवर ती ते पाळतही होती.

लालटोपीची दुसरी फेरी आली. तिसऱ्या उडीला तिचं पुढचं चाक घसरलं आणि ती तोंडावर आपटली. उठेना. काकीची नजर पडद्याला चिकटली. माझीही. पांढरे कपडे घातलेली दोन माणसं धावत आली, आणि तेवढ्यात लालटोपीने हाताने त्यांना लांब राहायला सांगितलं. उठली. हेल्मेट सरळ केलं. सायकल उचलली आणि उरलेल्या सेकंदांत दोन उड्या मारून मगच थांबली. काकीच्या डोळ्यांत पाणी होतं. "फ्रेश," ती म्हणाली. पडलेल्या माणसाला तिने फ्रेश म्हटलेलं मी पहिल्यांदा ऐकलं. पण त्या सगळ्या वेळात तिचे हात थांबले नव्हते. कापड पुढे सरकत राहिलं होतं, आणि ते आम्हा दोघींच्याही लक्षात आलं नाही.

दीड महिन्याने रंगाईवरून अख्खा लॉट परत आला. एका ताग्यात तार तुटलेली होती, लांबच लांब, आणि रंग चढल्यावर ती रेघ उठून दिसत होती. एक तागा तसा निघाला म्हणून पार्टीने, म्हणजे माल घेणाऱ्या व्यापाऱ्याने, सगळाच माल नाकारला. ताग्यासोबत परत आलेल्या चिठ्ठीवरून लूम कळला. तो सलीमभाईचा.

सलीमभाई चाळिशीचा माणूस, दोन लूम सांभाळायचा, गावी बायको आणि तीन मुली. आमच्याकडे एक पद्धत आहे. विणताना दोष राहिला आणि कारागिराला तो दिसला, तर तो तिथे कापडाच्या काठाला रंगीत दोरा बांधतो. तपासणाऱ्या बाईला तो दोरा दिसला की ती तेवढा भाग बाजूला काढते. सलीमभाई शेठसमोर हात जोडून एकच गोष्ट सांगत होता. "सेठ, मैंने धागा बांधा था. हरा धागा. तार टूटा, मैंने देखा, बांधा. कसम से."

रंगाईत दोरा कधीच निघून गेलेला. आता खरं कोण मानणार? शेठ वाईट माणूस नव्हता, पण मोठं नुकसान झालं होतं आणि पार्टी हातची जात होती. तो म्हणाला, "धागा होता तो बेबीकाकी को नहीं दिखता? तीस साल में काकी से एक तार नहीं छूटा. काकीला दिसला नाही म्हणजे दोरा नव्हता. उद्यापासून येऊ नकोस."

आम्ही दोघी केबिनच्या दारातच उभ्या होतो. काकीची तीस वर्षांची नजर, तिचं नाव, तेच त्या माणसाच्या गळ्याला लागलं होतं. मला चिठ्ठीवरची तारीख दिसत होती. मला तो दिवस आठवत होता. काकीलाही आठवला असणार, लालटोपी पडली तो दिवस ती विसरेल कशी? मी मनात म्हटलं, काकी, गप्प बस. माझे हप्ते चालू होते, नवऱ्याचं काम सुटलेलं होतं, आणि मोबाइल माझा होता. मी मान खाली घातली.

काकी आत गेली. शेठला तिने हाफ चड्डीत कारखान्यात खेळताना पाहिलेलं, त्यामुळे त्याच्याशी ती एकेरीतच बोलायची. "दोरा असंल," ती म्हणाली. "मी बगितला न्हाय."

शेठने तिच्याकडे पाहिलं आणि त्याचा आवाज खाली आला. "काकी, डोळ्यांचं होतं या वयात. त्यात काय एवढं. मी समजू शकतो. तुम्ही आता आराम करा. आपण छान निरोप देऊ तुम्हाला, शाल देऊ."

एवढी सोपी वाट होती. हो म्हटलं असतं तर सलीमभाई वाचला असता, काकीला शाल मिळाली असती आणि माझंही नाव कुठे आलं नसतं. मी दारातून मनातल्या मनात तिला हो म्हण, हो म्हण म्हणत होते.

"डोळ्यांवर ढकलू नको," काकी म्हणाली. "डोळं चांगलं हायत माझं. त्या येळेला मी सायकलीचा खेळ बगत होते. हात चालूच ठेवला. तार माझ्या हाताखालून गेली. दोरा पन गेला असंल. याला कशाला काढतोस?"

शेठला आधी कळेचना. सायकलीचा खेळ? मग कळलं, आणि त्याचा चेहरा लाल झाला. कुणाचा मोबाइल, असं त्याने विचारलं. काकी म्हणाली, "मोबाइल कोनाचा पन असंल. डोळं माझं व्हतं." माझ्याकडे तिने मान वळवूनसुद्धा पाहिलं नाही.

शेठ सलीमभाईकडे वळून म्हणाला, "सलीम, काम पे जाओ." आणि काकीला म्हणाला, "काकी, तुम्ही उद्यापासून येऊ नका." शाल गेली, निरोप गेला. सलीमभाई काकीच्या पायाला हात लावायला वाकला, तर तिने त्याला हटकलं. "लूम चालू हाय ना तुजा? जा."

मला वाटलं आता ती पिशवी उचलून घरी जाईल. ती टेबलाशी आली. तिचा तागा अर्धा तपासून झालेला, अर्धा बाकी होता. तिने चष्मा पुसला आणि कापड ओढायला सुरुवात केली. मी रडत होते. "काकी, राहू दे ना. मी करते." तिने ऐकलं नाही, किंवा ऐकून सोडून दिलं. एकेक हात करत तिने तो तागा संपवला. दोन ठिकाणी दोष काढले, खडूने खूण केली, चिठ्ठीवर आपला नंबर टाकला, काच ओल्या फडक्याने पुसली आणि ट्यूबलाइट बंद केली. मग पिशवी घेऊन शेलारच्या रिक्षात बसली. मी गेटपर्यंतसुद्धा गेले नाही, माझी हिंमत झाली नाही.

आठ दिवसांनी रविवारी शेलारला गेले. काकी टीव्हीसमोर बसली होती. बर्फावरून उड्या चालू होत्या. मी तिच्या शेजारी बसले आणि म्हटलं, "काकी, सलीमभाई आहे कामावर. सगळे कारागीर तुझं नाव काढतात. तू फ्रेश आहेस."

"खोटं नको बोलू," ती म्हणाली. पडद्यावर कुणी तरी उतरत होतं आणि तिची नजर त्याच्या पायाखालच्या बर्फावर होती. "हात टेकला माझा. सेकंड. पन पुरा केला."

मला बरं वाटलं, हलकं वाटलं. म्हणून हसत हसत विचारलं, "आणि मी?"

काकीने रिमोट घेतला आणि टीव्ही बंद केला. त्या घरात खेळ चालू असताना टीव्ही बंद झालेला मी कधी पाहिला नव्हता. ती माझ्याकडे नीट बघून म्हणाली, रागाने नाही, अगदी टेबलाशी शिकवायची तशीच, "तुजा तागा अजून टेबलावर हाय, कल्पना."

सोमवारी सकाळी टेमघरच्या माझ्या घरून निघाले, कारखान्यात पोचले. डबा ठेवला, चप्पल काढली. माझ्या टेबलाची ट्यूबलाइट लावली नाही. मोबाइल हातात घेतला आणि आधी शेठच्या केबिनचं दार ढकललं.