चोरीला न जाणारं बाळ

दोन्या ओबदुलिया सेर्पा, म्हणजे ओबदुलियाबाई, आलेल्या पाहुण्यांना मेरिदा शहर दाखवायच्या, पण त्यांचं स्वतःचं लक्ष शहराकडे कधीच नसायचं. ते असायचं पाहुण्यांच्या हातांकडे.

सकाळी मोठ्या चौकात, कॅथेड्रलच्या पायऱ्यांशी, मिटलेली छत्री भाल्यासारखी धरून त्या थांबत. आलेल्या माणसाचा नमस्कार घ्यायच्या आधी त्याच्या पिशवीचं तोंड केवढं आहे ते बघत. फेरी दुपारपर्यंतची. आधी कॅथेड्रल, मग जुन्या चित्रांचा संग्रह, मग बाजारात गव्हाच्या आरेपा, म्हणजे जाडसर भाकऱ्या, आणि शेवटी बाईंचं स्वतःचं घर, जिथे त्यांच्या वडिलांनी, निकानोर सेर्पांनी, जन्मभर लाकडाचे संत कोरले होते. ते संत अजून फळ्यांवर उभे होते. बाईंच्या कमरेला किल्ल्यांचा जुडगा असे. ज्याला कुलूप लावता येईल अशा प्रत्येक गोष्टीला घरात कुलूप होतं. साखरेच्या डब्यालासुद्धा.

"दोन्या ओबदुलिया पापं कबूल करायला गेल्या, तर आधी पाद्र्याची झडती घेतील," असं गल्लीत म्हणत. तोंडावर म्हणत नसत, कारण तोंडावर त्यांना कुणी काहीच म्हणत नसे. मेरिदात माणसं कुत्र्यालाही अहो-जाहो करतात. त्यामुळे अबोला धरला तरी तो मोठ्या अदबीने धरतात.

अबोल्याला कारण होतं. निकानोर वारले त्या वर्षी कामाच्या खोलीतून संत राफाएल नाहीसा झाला. हातात मासा धरलेला, वडिलांचा सगळ्यात लाडका. बाईंनी मागचापुढचा विचार केला नाही. पोलिसांना घेऊन त्या गल्लीतल्या घराघरात शिरल्या, आणि सगळ्यात आधी समोरच्या बेनिल्देकडे, कारण तिचंच जाणं-येणं जास्त. या बेनिल्देच्या मुलीला बाप्तिस्म्याच्या वेळी ओबदुलियाबाईंनी हातात धरलं होतं. तेव्हापासून दोघी एकमेकींच्या कोमाद्रे. म्हणजे सख्ख्या बहिणीहून काकणभर सरस नातं. पोलिसांनी तिची गादी उसवली, पेटी पालथी केली. तिचा नवरा रामोन टोपी हातात घेऊन आपल्याच घराच्या दारात उभा राहिला होता. सापडलं काहीच नाही. पुढे वर्षभरात कळलं की संत राफाएल बाईंच्या सख्ख्या भावाने वालेन्सियाला नेऊन विकला होता. बाईंनी ते गिळून टाकलं. 'चुकलं' म्हणायला रस्ता ओलांडण्यापलीकडे काही करायचं नव्हतं, पण तो रस्ता काही ओलांडला गेला नाही.

गल्लीने भांडण काढलं नाही. गल्लीने त्यांच्याकडे चोरी करणं सोडून दिलं, एवढंच.

कारण मेरिदात जानेवारीत चोरी होणं हा मान असतो. ख्रिसमसला घरच्या देखाव्यात गवतावर निजवलेलं बाळ येशू मेणबत्त्यांच्या सणाच्या, म्हणजे दोन फेब्रुवारीच्या, आत उठवून उभं करायचं असतं. तोवर शेजारपाजारचं कुणीतरी ते हळूच पळवतं. मग घरचे लोक मेणबत्त्या आणि व्हायोलिन घेऊन दारोदार शोधत निघतात, बाळ सापडतं, वाजतगाजत घरी येतं, आणि सगळी गल्ली त्या घरी केक खाते, वाइन पिते, गाते. ज्या घरी मनापासून जावंसं वाटतं, त्याच घरचं बाळ लोक चोरतात.

बाईंचं बाळ वडिलांच्या हातचं होतं. पटाशी जराशी निसटली होती, आणि गालावरचा तो ओरखडा खळीसारखा दिसे. पहिली काही वर्षं बाई देखावा मुद्दाम रस्त्याकडच्या खिडकीशी मांडत आणि, सांगून कुणाला खरं वाटणार नाही, खिडकीची कडी काढून ठेवत. कान देऊन पडून राहत. कुणी आलं नाही. मग त्यांनी कडी लावली, आणि दर वर्षी बाळ एकटीनेच उभं करून स्वयंपाकघरात जाऊन भांडी घासू लागल्या. फार लागलं होतं त्यांना ते. पण लागलं म्हणून सांगायचं कुणाला?

नोव्हेंबरात रामोन गेला. नऊ दिवसांच्या प्रार्थनेच्या शेवटच्या दिवशी बाई बेनिल्देच्या उंबऱ्यावर बटाट्याच्या गरम सुपाचं पातेलं ठेवून आल्या. आत पाऊल टाकलं नाही. दुसऱ्या दिवशी पातेलं लख्ख घासून त्यांच्या दाराशी ठेवलेलं होतं. बाईंनी त्याला पोचा पडलाय का ते नीट बघितलं आणि आत नेलं.

तर जानेवारीच्या अखेरची ती सकाळ. पाहुणे तीनच होते. माराकाइबोचं एक बोलघेवडं जोडपं, नेलिदा आणि तिचा नवरा उम्बेर्तो; आणि काराकासहून आलेला एकटा माणूस, बासालो. फिकट रंगाचा कोट, आणि काखेत कातडी बॅग, जी तो कॅथेड्रलमध्ये गुडघा टेकतानाही सोडेना.

बाईंच्या मनात तिथेच शंकेची पाल चुकचुकली. चित्रांच्या दालनात बाई निळ्या झग्यातल्या मेरीमातेबद्दल सांगत होत्या, तर हा गृहस्थ भिंतीला गाल लावून चौकटीच्या मागे डोकावत होता.

"हे खरंच तीनशे वर्षांपूर्वीचं आहे?" त्याने विचारलं.

"नाही हो. काल जेवण झाल्यावर मीच रंगवलं," बाई म्हणाल्या.

उम्बेर्तो खो-खो हसला. बासालो हसला नाही. पुढच्या चॅपेलमध्ये त्याने संत अँथनीच्या पायावर बोटाच्या पेराने टकटक केलं आणि कान लावला. बाजारात तो मागे रेंगाळला. परत आला तेव्हा बॅगेचं पोट फुगलं होतं. बाईंनी ते बरोबर टिपलं. त्यानंतर त्या उलट्या चालत शहर दाखवू लागल्या म्हटलं तरी चालेल.

घराशी आल्यावर त्यांनी दाराजवळच्या खुंट्या दाखवल्या. "पिशव्या इथे."

नेलिदाने आपली अडकवली. बासालो म्हणाला, "ही माझ्याजवळच राहील."

"का बरं?"

"माझी आहे म्हणून."

आणि आत आल्याबरोबर फळीवरचे एवढे संत सोडून तो सरळ देखाव्यापाशी गेला. बाळावर वाकून म्हणाला, "हे कुणी केलंय? किंमत काय याची?"

"ते विकायचं नाही."

"सगळंच विकायचं असतं, दोन्या. आकडा तेवढा जमावा लागतो."

बाईंचं डोकं तापलं. पण फेरीत शेवटी कॉफी द्यायची असते, तेव्हा त्या आत गेल्या. साखरेच्या डब्याचं कुलूप त्या दिवशी अडून बसलं. ते उघडायला जो काय वेळ गेला तेवढाच. ट्रे घेऊन बाहेर आल्या तर गवतावर बाळाच्या आकाराचा खड्डा होता आणि बाळ नव्हतं.

ट्रे त्यांनी कुठे ठेवला ते त्यांनाही आठवत नाही. दार लावून, त्याला पाठ टेकवून त्या उभ्या राहिल्या.

"बॅग उघडा."

"कोण, मी?" बासालो म्हणाला.

"तुम्हीच. सकाळपासून ओळखलंय मी तुम्हाला. चौकटीमागे काय बघत होतात? संताला ठोकून काय बघत होतात? माझ्या वडिलांच्या हातचं आहे ते, दुसरं काही राहिलं नाही मला त्यांचं! उघडा म्हणते ना!"

बासालोचा चेहरा लालबुंद झाला. त्याने बॅग टेबलावर आदळली. वर्तमानपत्रात गुंडाळलेलं, तान्ह्या बाळाएवढं एक बोचकं निघालं. बाईंनी कागद फाडला. आत धुरावलेल्या चीजचा एक भला मोठा गोळा होता.

"बाळ नाही," उम्बेर्तो नाक धरून म्हणाला, "पण वास दूध पिणाऱ्याचाच येतोय!"

"वहिनीसाठी घेतलंय!" बासालो ओरडला. "आणि चोर मला म्हणता? बाई, सकाळपासून मीच तुमच्यावर नजर ठेवून आहे! मागच्या खेपेला एका गाइडने प्लास्टरचा संत लाकडाचा म्हणून माझ्या गळ्यात मारला. म्हणून ठोकून बघतो, मागून बघतो. आणि जी बाई दारातच लोकांच्या बॅगा काढून घेते, तिच्या घरात कोण शहाणा बॅग सोडेल?"

एरवी बाईंना या माणसाबद्दल आदरच वाटला असता. त्यांच्याइतका संशयी माणूस त्यांना आजवर भेटला नव्हता. पण आता बाळ खरंच गेलं होतं. त्या टेलिफोनपाशी गेल्या, रिसीव्हर उचलला.

"कुणाला करताय?" नेलिदाने विचारलं.

"पोलिसांना."

"अहो, मघापासून सांगू बघतेय, आधी त्या बाईंना तरी विचारा! घरच्याच ना त्या?"

"कोणत्या बाई?"

"काळ्या शालीतल्या. तुम्ही आत गेलात आणि त्या आल्या. हे दोघं पाठ करून फळीवरचे संत बघत होते. त्या बाईंनी मला नमस्कार केला, गुडघा टेकला, बाळाचा मुका घेतला, शालीत गुंडाळलं आणि निघाल्या. मला वाटलं, आंघोळ घालायला नेत असतील."

"कुठे गेल्या?"

"समोर."

बाईंनी रिसीव्हर खाली ठेवला. खिडकीतून समोरचं दार दिसत होतं, दारावर अजून दुखवट्याची काळी फीत होती. ज्या घरात फीत आहे त्या घरातलं माणूस कुणाकडे केक खायला, गाणी म्हणायला जात नाही. आणि तरी ती आली होती.

बाई वडिलांच्या बाकावर बसल्या. "माझं चोरलं," त्या म्हणाल्या. "माझ्या घरचं चोरलं हो तिने." आणि त्या इतक्या रडल्या की उम्बेर्तोलासुद्धा विनोद सुचेना.

"मग मी बोलावतो पोलिसांना," बासालो म्हणाला.

"खबरदार पोलिसांचं नाव काढलंत तर!"

संध्याकाळपर्यंत त्या घरात अंडी फेटण्याचा आवाज चालला होता. नेलिदा पिवळं वेगळं करत होती, उम्बेर्तो पांढरं फेटत होता. माराकाइबोच्या माणसांना मेजवानीचा वास आला की निघून जायला जमत नाही. बासालोही गेला नव्हता. पण मेणबत्त्या वाटू लागल्यावर तो मागे सरला.

"मला यातलं काही पटत नाही," तो म्हणाला. "तुम्हाला कुणीतरी बनवतंय, दोन्या. मी नाही येत."

"मग ओव्हनवर लक्ष ठेवा. आणि हे घ्या." बाईंनी कमरेचा जुडगा सोडला. "ही वाइनच्या कपाटाची, ही साखरेची, ही वडिलांच्या खोलीची. लोक येतील, सगळं उघडं लागेल."

बासालोने किल्ल्या अशा धरल्या की जणू त्याच्यावर काहीतरी आळ येणार आहे.

व्हायोलिनवाला कुठून आणायचा याची बाईंना धास्ती होती. पण बाहेर पडल्या तर म्हातारे तेलेस्फोरो आपल्या पायरीवर व्हायोलिन जुळवून बसलेले. "उशीर केलात," एवढंच ते म्हणाले. म्हणजे गल्लीला सकाळपासून माहीत होतं.

पहिलं दार, दुसरं दार. प्रत्येक दारात कधीतरी बाईंनी पोलीस उभे केले होते. "बाळ इथे आलंय का?" "नाही आलं, दोन्या. थांबा, आम्हीही येतो शोधायला." एकेक घर मेणबत्ती घेऊन मागे लागत गेलं. कुणी जुनं काढलं नाही, आणि म्हणूनच बाईंना मान वर करवेना.

शेवटचं दार बेनिल्देचं. ते उघडंच होतं, आणि ती दारात हाताची घडी घालून उभी होती.

"काय काम काढलंत, दोन्या?" ती म्हणाली. कोमाद्रे म्हणाली नाही.

"माझं बाळ हरवलंय. तुमच्याकडे आलंय का?"

"शोधा की. घर तुमच्या माहितीचं आहे. गादी कुठे, पेटी कुठे, सगळं बघितलेलं आहे तुम्ही. की पोलीस मागून येताहेत?"

तेलेस्फोरोंनी व्हायोलिन थांबवलं. हे गाण्यात बसणारं नव्हतं.

बाईंना हसून नेता आलं असतं. सणाचा दिवस होता, लोकांनी साथ दिली असती. त्यांनी मेणबत्ती नेलिदाच्या हातात दिली.

"तेव्हा तुमच्याकडे काही नव्हतं, कोमाद्रे. माझ्या भावाने विकला होता. मला वर्षाच्या आतच कळलं, आणि मी आले नाही. चुकलं माझं. रामोनच्या तोंडावर म्हणायला हवं होतं, ते तर आता राहिलंच."

बेनिल्देची नजर बाईंच्या कमरेकडे गेली.

"किल्ल्या कुठायत?"

"एका काराकासवाल्याकडे दिल्या."

"ओळखीचा आहे?"

"छे. दुपारीच त्याला चोर म्हणाले."

बेनिल्देचे ओठ थरथरले. हसू होतं की रडू, ते मेणबत्त्यांच्या उजेडात कळलं नाही. ती दारातून बाजूला झाली. आत रामोनच्या खुर्चीवर, तिच्या काळ्या शालीत, बाळ निजलं होतं.

"मी नाही हातात आणून देणार," ती म्हणाली. "तेव्हा इथे काही नव्हतं, तरी सगळं घर उलथंपालथं केलंत. आज आहे, तर दारात काय उभ्या राहता, कोमाद्रे?"

ओबदुलियाबाईंनी उंबरा ओलांडला.